राबीविना लागलेली लग्ने

ख्रिस्ती लोकांचा पाद्री, मुसलमानांचा काजी, हिंदूंचा भटजी आणि ज्यू लोकांचा राबी हे चौघे आपापल्या समाजात एकच काम करतात, असा समज सर्वत्र रूढ आहे. राबीच्या बाबतीत हा समज बराचसा चुकीचा आहे. राबी हा पुरोहित नव्हे. ‘राबी’ या हिब्रू शब्दाचा अर्थ ‘माझे गुरू’ असा आहे. ज्यूंचा पुरोहितवर्ग निराळा. त्यांना ‘कोहेन’ म्हणतात आणि ते पद वंशपरंपरेने चालत आलेले आहे. इ. स. ७० मध्ये रोमन सैन्याने जेरुसलेमचे मंदिर उद्ध्वस्त केले, तेव्हा तेथील यज्ञबलींबरोबरच कोहेनांचे मुख्य कार्यही संपले. त्यानंतर ज्यू समाजाचे धुरीणत्व ज्यांच्याकडे आले ते राबी हे विद्वान होते. धर्मग्रंथांचा अर्थ लावणे, आचाराचे नियम सांगणे आणि तंट्यांचा निवाडा करणे हे त्यांचे काम. आपल्याकडील उपमा द्यावयाची तर राबी हा उपाध्याय नसून धर्मशास्त्री आहे. पैठणच्या ब्रह्मवृंदाकडे जसे लोक निर्णय मागावयास जात, तसे ज्यू लोक राबीकडे जात आले.

हा भेद वरवर क्षुल्लक वाटेल. पण ज्यू समाजातील विवाहसंस्थेचा इतिहास याच भेदाभोवती फिरतो. शिवाय या इतिहासातील एक मोठे प्रकरण थेट आपल्या कोकणकिनाऱ्याशी जोडलेले आहे. कोकणातील बेने इस्रायल हा मराठी बोलणारा ज्यू समाज. शेकडो वर्षे या समाजाला राबी असा मिळालाच नाही. तरीही त्यांची लग्ने होत राहिली, घरे वसत राहिली आणि समाज टिकला. पुढे विसाव्या शतकात हीच मंडळी इस्रायलमध्ये गेली आणि तेथे प्रथमच राबींच्या अधिकाराखाली आली, तेव्हा नेमकी त्यांची लग्नेच वादात सापडली. असे का घडावे, हे समजून घेण्यासाठी थोडे मागे जाणे अवश्य आहे.

राबी हा संन्यासी नसतो. रोमन कॅथलिक पंथातील धर्मगुरू आजन्म अविवाहित राहतो. ज्यू परंपरेत मात्र विवाह हे कर्तव्य मानलेले आहे आणि राबीही त्याला अपवाद नाही. आरंभीच्या काळातील राबींना वेतन नसे. कोणी जोडे शिवी, कोणी लोहारकाम करी, आणि उरलेल्या वेळात अध्ययन व अध्यापन चाले. अशा घरात संसाराचा भार पत्नीवर पडे, हे सांगावयास नको. तालमूद या महाग्रंथात राबी अकिबा यांची कथा आलेली आहे. इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकांत होऊन गेलेले हे अकिबा जेरुसलेममधील कल्बा सबुआ नावाच्या धनाढ्य गृहस्थाचे मेंढपाळ होते. मालकाच्या मुलीने त्यांचे गुण ओळखले आणि विद्या संपादन करण्याच्या अटीवर त्यांच्याशी लग्न केले. बापाने तिला घराबाहेर काढले. तिने दारिद्र्य पत्करले. बारा आणि पुन्हा बारा अशी चोवीस वर्षे अध्ययन करून अकिबा परतले, तेव्हा त्यांच्यामागे चोवीस हजार शिष्य होते. फाटक्या वस्त्रांतली ती स्त्री पुढे आली असता शिष्य तिला दूर सारू लागले. तेव्हा, माझे जे काही आहे आणि तुमचे जे काही आहे ते सर्व हिचेच आहे, असे सांगून अकिबांनी त्यांना थांबविले. राबी मेइर यांची पत्नी बेरुरिया ही तर स्वतःच विदुषी होती. पाप्यांच्या मरणासाठी नव्हे, तर पापाच्या नाशासाठी प्रार्थना करावी, हे तिने आपल्या पतीला धर्मवचनाच्या आधाराने पटवून दिले, असे तालमूद सांगते.

सांगावयाचा मुद्दा हा की, ज्यांनी ज्यू विवाहाचे नियम घडविले ते स्वतः संसारी होते. त्या नियमांत म्हणूनच व्यवहाराची जाण दिसते. लग्न लागण्यासाठी मूलतः तीन गोष्टी पुरतात. वराने वधूला काही मौल्यवान वस्तू, बहुधा अंगठी, देणे. वधूने ती राजीखुशीने स्वीकारणे. आणि हे दोन योग्य साक्षीदारांनी पाहणे. लग्नप्रसंगी म्हणावयाच्या सात आशीर्वचनांसाठी दहा पुरुषांचा समुदाय जमलेला असावा, अशी प्रथा आहे. याशिवाय ‘केतुबा’ नावाचा लेख करावा लागतो. नवऱ्याने बायकोला सोडले किंवा तो वारला, तर तिला किती रक्कम मिळावी, हे त्यात लिहिलेले असते. कुमारिकेसाठी निदान २०० झूज आणि विधवेसाठी १०० झूज अशी जुनी मर्यादा आहे. झूज हे चांदीचे एक नाणे होते. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात शिमोन बेन शेताह यांनी या रकमेसाठी नवऱ्याची सगळी मालमत्ता जबाबदार धरली. बायकोला सोडून देणे नवऱ्याला सोपे वाटू नये, हा त्यामागचा हेतू. मुसलमानांतील मेहरशी याचे साम्य वाचकांच्या ध्यानात येईलच.

या यादीत राबी कोठेही नाही, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. राबीने लग्न लावणे हा मध्ययुगात रूढ झालेला शिष्टाचार आहे. त्याच्यावाचून लग्न अडत नाही. साक्षीदार व समाज हेच विवाहाचे खरे आधार आहेत.

घटस्फोटाची गोष्ट मात्र अगदी वेगळी. ‘गेट’ नावाचे घटस्फोटपत्र त्या विशिष्ट पुरुषाने त्या विशिष्ट स्त्रीसाठीच लिहून घ्यावे लागते. छापील नमुन्यात नावे भरून चालत नाही. दिवस, गाव, त्या गावाजवळचे पाणी, दोघांची सर्व प्रचलित नावे यांचा उल्लेख काटेकोर व्हावा लागतो. प्रथेप्रमाणे मजकूर बारा ओळींत बसवितात. साक्षीदारांच्या सह्या होतात आणि ते पत्र पत्नीच्या हाती द्यावे लागते. एखाद्या चुकीमुळे सगळा लेख निरर्थक ठरू शकतो. म्हणूनच, ज्याला विवाह व घटस्फोट यांच्या कायद्याचे मर्म ठाऊक नाही त्याने त्यात हात घालू नये, असा इशारा तालमूदमध्येच दिलेला आहे. थोडक्यात, लग्न चार शहाण्यांच्या साक्षीने लागते. ते मोडावयाला मात्र शास्त्री हवा.

आणि ते शास्त्राप्रमाणे मोडले नाही, तर परिणाम भयंकर होतो. गेट न मिळालेली स्त्री धर्मदृष्ट्या पहिल्या नवऱ्याचीच पत्नी राहते. तिने दुसरा संसार मांडला, तर त्यातून झालेले मूल ‘माम्झेर’ ठरते. कुमारी मातेचे मूल माम्झेर नव्हे; विवाहित स्त्रीला परपुरुषापासून किंवा निषिद्ध नात्यातून झालेले मूल तेवढे माम्झेर. अशा मुलाला ज्यू समाजात सर्वसामान्यपणे लग्न करता येत नाही आणि हा निर्बंध पिढ्यान् पिढ्या चालतो. मुलाचा अपराध काहीच नाही. तरी शिक्षा त्यालाच. अपत्यहीन विधवेच्या बाबतीतही असाच एक नियम आहे. मृत पतीच्या भावाने तिच्याशी लग्न करावे, नाहीतर ‘हलित्झा’ नावाच्या विधीने तिला मुक्त करावे. त्यात ती स्त्री दिराच्या पायातील जोडा काढते. हा विधी झाल्याखेरीज तिला अन्यत्र लग्न करण्याची मोकळीक नाही.

राबींचे निर्णय सगळ्या ज्यू जगात सारखे पोहोचत नसत. जर्मनीतील माइन्झ येथे सुमारे इ. स. १००० च्या आगेमागे राबी गेर्शोम यांच्या नावे दोन मोठे निर्बंध घालण्यात आले. एका पुरुषाने एका वेळी एकच बायको करावी, आणि बायकोच्या संमतीवाचून तिला घटस्फोट देऊ नये. युरोपातील ज्यूंनी हे निर्बंध मानले. येमेनसारख्या पूर्वेकडील देशांत ते लागू झाले नाहीत. तेव्हा हजारो मैल दूर, अरबी समुद्राच्या किनाऱ्यावर राहणाऱ्या मूठभर ज्यूंना त्यांची वार्ताही नसावी, यात नवल नाही.

बेने इस्रायलांच्या परंपरेप्रमाणे त्यांचे पूर्वज फार प्राचीन काळी समुद्रमार्गे येत असता अलिबागजवळ नवगाव येथे त्यांचे जहाज फुटले. सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या. बुडालेल्यांना तेथेच मूठमाती देण्यात आली. नवगावचे ते दफनस्थान आजही दाखवितात. धर्मग्रंथ जहाजाबरोबर गेले, असे ही परंपरा सांगते. ही मंडळी आसपासच्या गावांत पसरली. घाण्यावर तेल गाळणे हा त्यांचा मुख्य धंदा. शनिवारी घाणा बंद ठेवीत म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणू लागले. पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर, किहीमचे किहीमकर, दिव्याचे दिवेकर अशी त्यांची आडनावे पडली. मुलाची आठव्या दिवशी सुंता, शनिवारची विश्रांती, खवले व पर नसलेला मासा न खाणे, आणि ‘शेमा’ ही ईश्वराच्या एकत्वाची प्रार्थना, एवढे धर्मधन त्यांनी सांभाळले. भाषा मराठी झाली, वेष कोकणी झाला. पण लग्ने आपल्याआपल्यातच होत राहिली. विवाह हीच त्यांची तटबंदी होती.

पुढे दावीद राहाबी नावाच्या परदेशी ज्यू गृहस्थाने त्यांना ओळखले आणि झिराडकर, राजपूरकर व शापूरकर या तीन घराण्यांतील पुरुषांना धर्मविधी शिकविले, अशी कथा आहे. राहाबीच्या काळाबद्दल इतिहासकारांत मतभेद आहेत. त्याने शिकविलेल्यांना ‘काजी’ म्हणू लागले. गावोगाव जाऊन सुंता करणे, लग्न लावणे, तंटे मिटविणे ही कामे काजी करीत. समाजाचा कारभार मुकादम व चौगुले पाहत. पुढे सिनेगॉग म्हणजे प्रार्थनामंदिरे बांधली गेल्यावर प्रार्थना चालविणारा ‘हजान’ हाच लग्नेही लावू लागला. काजी काय किंवा हजान काय, हे राबी नव्हते. त्यांनी शास्त्राध्ययन करून निर्णय देण्याचा अधिकार मिळविलेला नव्हता. पण, वर सांगितल्याप्रमाणे, लग्नाला तो अधिकार लागतच नाही. लग्नघरी हळद लागे, मेंदीची रात्र होई, मराठी गाणी म्हटली जात; आणि त्याच मंडपात साक्षीदारांच्या देखत अंगठी दिली जाई, मनुकांच्या रसाचा पेला दिला जाई, केतुबा वाचून दाखविला जाई. वधू मंडपात येत असता वराने हिब्रू गीत म्हणून तिचे स्वागत करावे, ही या समाजाची लाडकी प्रथा. वधूच्या गळ्यात मंगळसूत्र पडे आणि आशीर्वचने हिब्रूत होत. कोकणचा आचार आणि इस्रायलचा धर्म यांत तेथे कोणालाच विरोध दिसला नाही.

अठराव्या शतकापासून बेने इस्रायल मुंबईत येऊ लागले. पुष्कळजण कंपनी सरकारच्या पलटणींत शिरले. टिपू सुलतानाच्या कैदेतून सुटलेले सामुएल एझेकिएल दिवेकर यांनी १७९६ साली मुंबईतले पहिले सिनेगॉग उभारले. लोक त्याला ‘जुनी मशीद’ म्हणू लागले. डॉ. जॉन विल्सन या मिशनऱ्याने १८३२ साली मराठीतून हिब्रू व्याकरण छापले. कोचीहून शिक्षक आले. १८४६ साली वल्हांडण सणाचा ‘हागादा’ हा ग्रंथ मराठी भाषांतरासह मुंबईत निघाला. हाईम सामुएल किहीमकर यांनी १८९७ मध्ये आपल्या समाजाचा सविस्तर इतिहास इंग्रजीत लिहिला. तो त्यांच्या मृत्यूनंतर १९३७ साली तेल अवीव येथे प्रसिद्ध झाला. विद्या वाढली, मुद्रण वाढले. परंतु राबी घडविणारी पाठशाळा काही निघाली नाही.

याच काळात बगदाद आणि आसपासच्या देशांतून व्यापारी ज्यू मुंबईस आले. ससून घराणे त्यांतील प्रमुख. आरंभी त्यांनी बेने इस्रायलांच्याच सिनेगॉगचा आणि दफनभूमीचा उपयोग केला. पण लवकरच त्यांच्या मनात शंका डोकावली: ज्यांना राबी नव्हता त्यांची लग्ने आणि विशेषतः घटस्फोट शास्त्राप्रमाणे झाले असतील कशावरून? १८३६ साली दफनभूमीत मध्ये भिंत घालून मिळावी, असा अर्ज बगदादी मंडळींनी सरकारकडे केला. बेने इस्रायल घराण्याशी सोयरीक करण्यास पुष्कळ बगदादी नाखूश असत. जिवंतपणी मंडपात आणि मेल्यावर मातीतही अंतर पडले. तरीही, मुंबईत हा प्रश्न अपमानाचाच काय तो होता. लग्न लावण्याचा किंवा नाकारण्याचा अधिकार कोणा एकाच्या हाती नव्हता. बेने इस्रायल आपल्या समाजात, आपल्या हजानाकडून लग्ने लावून घेत आणि सरकारलाही ती मान्य असत.

१९४८ साली इस्रायलचे राज्य स्थापन झाले आणि चित्र पालटले. त्या वेळी भारतात बेने इस्रायलांची संख्या सुमारे वीस हजार होती. त्यांतील हजारो लोक येत्या दोन दशकांत इस्रायलला गेले. भारतात त्यांचा छळ कधीच झाला नव्हता; धर्मभूमीची ओढ हेच त्यांच्या जाण्याचे मुख्य कारण. १९५० च्या कायद्याने प्रत्येक ज्यू माणसाला इस्रायलमध्ये येऊन नागरिक होण्याचा हक्क मिळाला, आणि बेने इस्रायल ज्यू म्हणूनच नागरिक झाले. पण १९५३ च्या दुसऱ्या एका कायद्याने ज्यूंचे विवाह व घटस्फोट हे विषय पूर्णपणे राबींच्या न्यायालयांकडे सोपविले. तुर्की अमदानीपासून चालत आलेली ही पद्धत. प्रत्येक धर्माच्या लोकांचे विवाह त्या त्या धर्माच्या अधिकाऱ्याकडे. नोंदणी पद्धतीचा विवाह त्या देशात नाही. अर्थात राबीने नाव नोंदविले नाही, तर देशात लग्न करण्याची वाटच बंद. कोकणात ज्याच्यावाचून काही अडत नव्हते, तो राबी येथे दारावरचा पहारेकरी झाला.

बेने इस्रायल तरुण किंवा तरुणी अन्य ज्यू समाजातील जोडीदाराशी लग्न करू इच्छी, तेव्हा काही ठिकाणचे राबी नोंद करण्यास नकार देऊ लागले. तक्रारी वाढल्या. ऑक्टोबर १९६१ मध्ये मुख्य राबींच्या मंडळाने निर्णय दिला, की बेने इस्रायलांशी विवाह करण्यास मनाई करण्याजोगे कारण नाही. समाजाला हायसे वाटले. पण फेब्रुवारी १९६२ मध्ये या निर्णयाच्या अंमलबजावणीसाठी सूचना निघाल्या, त्यांनी सगळेच पालटले. बेने इस्रायल व्यक्तीची आई, आजी आणि शक्य तितक्या मागच्या पिढ्यांतील स्त्रिया ज्यूच होत्या काय, तसेच आईबाप, आजीआजोबा व त्यांच्याही पूर्वजांपैकी कोणी घटस्फोटानंतर पुन्हा लग्न केले होते काय, निषिद्ध नात्यात केले होते काय, याची चौकशी नोंदणी करणाऱ्या राबीने करावी, असे त्यांत होते. संशय आला तर प्रकरण राबींच्या न्यायालयाकडे जावयाचे.

कागदावर हे नियम सौम्य दिसतात. पण रोह्याच्या किंवा पेणच्या एखाद्या तेल्याच्या पणजीचे लग्न कोणत्या दप्तरात नोंदलेले असणार? आणि जे विचारले जात होते, ते मोरोक्को, पोलंड किंवा इराक येथून आलेल्यांना त्यांच्या समाजाचे नाव घेऊन विचारले जात नव्हते. बीरशेबा, दिमोना, अश्दोद, लोद अशा गावांतून वसलेल्या या कुटुंबांना वाटले, की आपल्या आजीच्या चारित्र्यावर सरकारी शिक्क्यानिशी प्रश्नचिन्ह काढले गेले आहे.

राबींचीही बाजू समजून घ्यावयास हवी. तत्कालीन सेफार्दी मुख्य राबी यित्झाक निसीम हे गाढे विद्वान होते. माम्झेरविषयीचा नियम धर्मग्रंथातच आहे. तो रद्द करण्याचा अधिकार कोणत्याही राबीला नाही. उद्या एखाद्या घराण्यात दोष निघाला, तर त्याच्याशी सोयरीक केलेली सगळीच घरे त्या संशयात ओढली जातील, ही त्यांची भीती खोटी नव्हती. पण त्याच शास्त्रात दुसराही प्रवाह आहे. जे कुटुंब समाजात मिसळून गेले ते गेले. त्याचा जुना दोष उकरून काढू नये, असे मत तालमूदमध्ये नोंदलेले आहे. जेथे दोषाचा पुरावा नाही, केवळ संशय आहे, तेथे जुन्या राबींचा कल नेहमी झाकण्याकडे होता, खणण्याकडे नव्हे.

शिवाय वस्तुस्थिती काय होती? घटस्फोट हा बेने इस्रायलांत अत्यंत विरळ होता. कोकणातल्या कित्येक जातींत काडीमोड आणि पाट रूढ असताना या समाजात विधवेचा पुनर्विवाहदेखील फारसा होत नसे. पहिलीला मूल नसल्यास क्वचित दुसरी करीत. पण पहिली टाकून देत नसत. विधवांच्या दृष्टीने ही रीत कठोर होती आणि तिचे समर्थन करण्याचे कारण नाही. तरीपण विचार करावयाचा तो असा: जेथे घटस्फोट जवळजवळ नव्हता, तेथे सदोष घटस्फोटाचा प्रश्न उद्भवतो कोठून? जेथे विधवा पुन्हा लग्नच करीत नसे, तेथे हलित्झा राहून गेला म्हणून बिघडले काय? ज्या कोकणी चालींमुळे हे लोक शास्त्रापासून दूर गेले असे म्हटले गेले, त्याच चालींनी त्यांना शास्त्रातील सर्वांत मोठ्या दोषापासून दूर ठेवले होते. सदोष गेट देणारा अर्धवट शास्त्री असण्यापेक्षा गेट न देणारा साधा काजी बरा, असे म्हणण्याची ही वेळ होती.

समाजाने निमूटपणे सोसले नाही. निषेधसभा झाल्या, अर्ज गेले, कृतिसमिती उभी राहिली. १९६४ च्या उन्हाळ्यात बेने इस्रायल कुटुंबांनी जेरुसलेममध्ये धरणे धरले. गांधीजींच्या देशातून आलेल्या लोकांनी हा मार्ग निवडावा, हे स्वाभाविकच म्हटले पाहिजे. अखेर १७ ऑगस्ट १९६४ रोजी इस्रायलच्या संसदेची खास बैठक भरली. पंतप्रधान लेवी एश्कोल यांच्या सरकारने स्पष्ट केले, की बेने इस्रायल हे सर्व दृष्टींनी ज्यू आहेत आणि विवाहाच्या बाबतीतही त्यांचे हक्क इतरांइतकेच आहेत. राबींच्या मंडळानेही त्याची दखल घ्यावी, असे सुचविण्यात आले. ३१ ऑगस्ट १९६४ रोजी मंडळाने आपल्या सूचना बदलल्या. त्यांतील ‘बेने इस्रायल’ हे शब्द काढून टाकण्यात आले. ज्या कोणाच्या कौटुंबिक स्थितीविषयी संशय असेल त्याची चौकशी व्हावी, मग तो कोणत्याही समाजाचा असो, असे सर्वसाधारण शब्द त्यांच्या जागी आले.

नियम तोच राहिला, फक्त नाव गेले. मग मिळविले काय, असे कोणी विचारील. परंतु या बदलातच सगळे सार आहे. शास्त्राने माणसाला प्रश्न विचारणे वेगळे आणि समाजाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणे वेगळे. पहिल्या प्रकारात संशयाला कारण लागते. दुसऱ्यात जन्म हेच कारण ठरते. नाव काढले गेले, त्या दिवशी बेने इस्रायल मुलीच्या बाबतीत संशय सिद्ध करण्याची जबाबदारी विचारणाऱ्याकडे गेली. आदेश बदलला म्हणून मने एका दिवसात बदलत नाहीत, हे खरे. पण मने बदलेपर्यंत माणसाला उभे राहावयास जमीन लागते आणि ती जमीन १९६४ साली मिळाली.

हा प्रश्न पुन्हा एकदा वेगळ्या लोकांच्या वाट्याला आला. इथिओपियातील ज्यू १९८० नंतरच्या दशकात इस्रायलमध्ये आले, तेव्हा विवाहापूर्वी त्यांनी शुद्धीसाठी स्नानविधी करावा, अशी अट राबींनी घातली. १९८५ साली त्यांनीही जेरुसलेममध्ये दीर्घकाळ धरणे धरले. पुढे नेतान्या येथील राबी दावीद शेलूश यांनी अशी अट न घालता त्यांचे विवाह नोंदविण्याची तयारी दाखविली, तेव्हा पुष्कळांची सोय झाली. येथे ध्यानात घ्यावयाचे ते हे, की प्रश्न निर्माण करणारेही राबी होते आणि तो सोडविणाराही राबीच होता. शास्त्र एकच, ते वाचणाऱ्याच्या दृष्टीत अंतर होते.

आज भारतात बेने इस्रायल काही हजारच उरले आहेत. मुंबई, ठाणे, पुणे, अलिबाग परिसर आणि अहमदाबाद येथे त्यांची सिनेगॉग आहेत. महाराष्ट्र शासनाने २०१६ साली ज्यूंना अल्पसंख्याकांचा दर्जा दिला. ज्यूंच्या विवाहासाठी भारतात स्वतंत्र लिखित कायदा नाही; त्यांचे विवाह रूढीप्रमाणे होतात, किंवा ज्यांची इच्छा असेल ते १९५४ च्या विशेष विवाह कायद्याचा आधार घेतात. येथे बहुतेक लग्ने अजूनही हजानच लावतो. इस्रायलमध्ये या समाजाची लोकसंख्या आता कितीतरी पटींनी अधिक आहे. तेथे १९८५ पासून ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक निघू लागले. तेथील बेने इस्रायल घरांत लग्नाआधी मेंदी लागते आणि ‘मलिदा’ही होतो.

मलिदा म्हणजे पोहे, ओले खोबरे, साखर आणि फळे यांनी भरलेले ताट. शुभकार्याच्या वेळी ते एलियाहू संदेष्ट्याच्या नावाने ठेवतात. एलियाहूवर बेने इस्रायलांची विशेष श्रद्धा आहे. त्याच्या रथाची खूण अलिबागजवळील खंडाळा गावी खडकावर उमटलेली आहे, असे ते मानतात. या एलियाहूविषयी ‘मिश्ना’ या प्राचीन राबी-ग्रंथात एक चर्चा आलेली आहे. तो पुन्हा येईल तेव्हा काय करील? कोणी म्हणाले, जी कुटुंबे बळजबरीने समाजात घुसविली गेली त्यांना तो दूर करील आणि जी बळजबरीने बाहेर काढली गेली त्यांना जवळ करील. अखेरीस विद्वानांचे मत नोंदले आहे ते असे, की तो कोणाला दूर करावयास येणार नाही आणि कोणाला जवळ करावयासही येणार नाही. तो जगात शांतता नांदविण्यासाठी येईल. मिश्ना हाती नसलेल्या कोकणातील तेल्यांनी नेमका हाच संदेष्टा आपल्या लग्नघरासाठी निवडला होता.